मंडपामागे थांबलेले बारकूनाना

बारकूनानांना त्या दिवशी मी विसरलो, असं मी आठ वर्षं सगळ्यांना सांगत आलो. बायकोला सांगितलं, शाळेतल्या सहकाऱ्यांना सांगितलं, दुसऱ्या दिवशी फोनवर खुद्द नानांनाही सांगितलं, "गर्दीत विसरलोच हो नाना." ते खोटं होतं. मी विसरलो नव्हतो. धुळ्याच्या त्या स्पर्धेच्या मंडपामागे नाना अंगाला तेल लावून उभे आहेत, हे मला प्रत्येक मिनिटाला माहीत होतं. तरी मी माइकवर त्यांचं नाव घेतलं नाही.

हे लिहायला बसलो तो नानांविषयीच. पण आधी हे सांगितल्याशिवाय त्यांच्याबद्दल चांगलं काही लिहिण्याचा मला अधिकार नाही, असं वाटलं.

मी सव्वीस वर्षांचा असताना भडगावला शिक्षक म्हणून लागलो. खोली मिळाली ती नानांच्या पिठाच्या गिरणीसमोर. पहिल्या दिवशी ज्वारीचा डबा घेऊन गेलो, तर भुवयांपासून चपलांपर्यंत पांढरा झालेला एक माणूस पुढे आला. उंची बेताची. पूर्ण बाह्यांचा सदरा, मनगटाची बटणंसुद्धा लावलेली. मे महिना होता. गिरणीत पट्ट्याचा आवाज, पिठाचा धुरळा, आणि हा माणूस गळ्यापर्यंत बंद. मला वाटलं, अंगावर कोड वगैरे असेल.

"नवीन मास्तर का?" त्यांनी विचारलं. "कळणा दळाना व्हई तर बुधवारी आनजा. त्या दिवशी दगड साफ ऱ्हातस."

कळणा म्हणजे ज्वारी आणि उडीद एकत्र दळलेलं पीठ, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. मी नाशिककडचा. पण नानांच्या अंगात काय आहे तेही मला माहीत नव्हतं, आणि ते कळायला सहा महिने लागले.

कळलं ते शेजारच्या एका म्हाताऱ्याकडून. तो म्हणाला, "अहो सर, हे बारकूनाना म्हणजे आपल्या खानदेशातले पहिले बॉडीवाले. जिम हा शब्द आला नव्हता तेव्हापासून." मी धावत गिरणीत गेलो आणि भाबडेपणाने म्हणालो, "नाना, दाखवा ना जरा." नानांनी डब्यातलं पीठ थापटून सपाट केलं, झाकण लावलं आणि म्हणाले, "हाई आंग टेजवर दखाडानं शे मास्तर. गल्लीमा नही."

नाना माझ्याशी निम्मं अहिराणी आणि निम्मं पुस्तकी बोलत. अवघड विषय असला की पुस्तकी, मनातलं असलं की अहिराणी.

त्यांची कला कुठून आली ते त्यांनी हळूहळू सांगितलं. गुरू कुणी नव्हता. विशीत असताना कुठल्या तरी जत्रेत एका परक्या माणसाला त्यांनी दंडाची बेटकुळी नाचवताना पाहिलं आणि डोक्यात बसलं. घरी वजनं नव्हती. गिरणीचे झिजून टाकून दिलेले दोन दगड होते, मधे भोक असलेले. त्यांत लोखंडी पहार घातली, झालं वजन. एक दगड दुसऱ्यापेक्षा जास्त झिजलेला होता म्हणून रोज बाजू बदलून उचलायचे. उभं राहून सगळं अंग दिसेल असा आरसा घरात कुणाकडेच नव्हता. सकाळी गिरणीच्या भिंतीवर ऊन यायचं तेव्हा ते स्वतःची सावली बघून पोझ शिकले. सावलीत समोरून उभं राहिलं तर नुसतं खांबासारखं दिसतं, म्हणून त्यांच्या बहुतेक पोझ बाजूने घ्यायच्या असत. पुढे मी स्पर्धांमध्ये शेकडो मुलं पाहिली. एका बाजूला वळून, छातीची कड दाखवत सावकाश श्वास सोडणारा नानांसारखा कुणी पाहिला नाही.

त्या पोझना नावंही त्यांची स्वतःची होती. दोन्ही दंड वर उचलून दाखवतात ती "पोतं उचललं." पाठ फिरवून खांदे रुंद करायची ती "पट्टा घसरला." एक हात कमरेवर, मान उंच, ती "अक्का रुसली." ही शेवटची पोझ अक्कांना मुळीच मान्य नव्हती.

अक्का म्हणजे नानांची बायको. किडकिडीत, तोंडाने तिखट. नानांच्या अंगाचं कौतुक कुणी करायला लागलं की अक्का ओट्यावरून म्हणायच्या, "हाई इतलं मोठं आंग, अन् झुरळले भ्यातस." ते खरं होतं. गिरणीत झुरळ निघालं की नाना बाहेर रस्त्यावर येऊन उभे राहायचे आणि अक्का चप्पल घेऊन आत जायच्या.

नानांचे खेळ जत्रेत, गणपतीत, शाळांच्या गॅदरिंगमध्ये व्हायचे. नारळ, टॉवेल आणि जायची-यायची सोय, एवढ्यावर ते जायचे. त्यांचा एकच नियम होता आणि तो त्यांनी कधी मोडला नव्हता. अंगाला एकदा तेल लावलं की लोकांपुढे उभं राहिल्याशिवाय सदरा घालायचा नाही. पाऊस येवो, वीज जावो. एकदा चाळीसगावकडच्या एका गावात दिवे गेले तर बैलगाड्यांचे कंदील आणवून खेळ केला, पण सदरा घातला नाही. मी कारण विचारलं तेव्हा म्हणाले, "तेल लागनं म्हंजे ते आंग लोकेस्नं व्हई गयं. मंग आपलं कसं झाकानं?"

पिंपळनेरच्या बाजूची गोष्ट मला अक्कांनी सांगितली, नाना शेजारी बसून लाजत होते. डोंगराकडच्या एका पाड्यावर खेळ होता. लोक गंभीरपणे बघत होते, टाळी कुणी वाजवेना. खेळ संपल्यावर एक म्हातारी काठी टेकत पुढे आली. तिने नानांचा दंड दाबून पाहिला, मांडी दाबून पाहिली आणि काळजीने विचारलं, "हाई सूज कितला दिननी शे रे भाऊ?" नानांनी तिला काय सांगावं? ते म्हणाले, "लई दिननी शे माय." म्हातारीने घरून कसलासा पाला वाटून आणला, दोन्ही दंडांना लेप दिला, वरून फडकं बांधलं. नाना तसेच झोपले. सकाळी म्हातारी बघायला आली. रात्रभर स्नायू सैल सोडलेले, त्यात नानांनी श्वास सोडून हात अगदी लोंबते ठेवले. म्हातारी खूश झाली. "उतरी गयी," म्हणाली, आणि आणखी चार दिवसांचा पाला बांधून दिला.

"तो पाला यास्नी घरी आना," अक्का म्हणाल्या, "अन् चार दिन बांधा. म्हने, तिले वचन दिधं शे."

मी विचारलं, "नाना, खरंच बांधला?"

"दंडाला गारवा चांगला वाटे," नाना म्हणाले.

मी त्यांचा खेळ पहिल्यांदा पाहिला तो आमच्या शाळेच्या गॅदरिंगमध्ये. तेव्हा नाना एक्कावन्न वर्षांचे होते आणि निवेदन माझ्याकडे होतं. मी नाव पुकारलं, "बारकूनाना!" आणि मुलं हसली. एवढी जाहिरात केलेला पैलवान आणि नाव बारकू. नाना पडद्यातून आले, बाजूने वळले, श्वास घेतला आणि पोतं उचललं. शेवटच्या रांगेपर्यंत शांतता झाली. मग शाळेच्या बँडचा ढोल वाजायला लागला आणि नानांची छाती त्या तालावर एकदा डावी, एकदा उजवी उडायला लागली. विज्ञानाच्या बाई उठून पुढे आल्या, त्यांनी छडीने एकेक स्नायू दाखवून मुलांना नावं विचारली. नाना ज्याचं नाव येईल तो हलवून दाखवत. एका मुलीने विचारलं, "नाना, पाठीला तेल कोण लावतं? हात तर पुरत नाही."

बायकांमधून अक्कांचा आवाज आला, "मी लावस! आखो कोन लाई?"

सगळी शाळा हसली. नाना मात्र त्या वेळी हसले नाहीत. खेळात असताना ते हसत नसत.

अकरा वर्षांनी माझी बदली धुळ्याला झाली. नव्या शाळेला लागून व्यायामशाळा होती, तिथल्या मंडळात मी ओढला गेलो आणि पुढे शरीरसौष्ठव स्पर्धेचा चिटणीस झालो. भडगावला जाणं व्हायचं. नाना गिरणी मुलाच्या हाती देऊन मोकळे झाले होते, पण रोज सकाळी भिंतीसमोर उभे राहत होतेच. अडुसष्टाव्या वर्षी ते एकदा मला म्हणाले, "मास्तर, तुमच्या स्पर्धेत मला तीन मिनिटं द्या. बक्षीस नको, नंबर नको. शेवटचं एकदा मोठ्या स्टेजवर उभं राहतो, मग बंद."

मी म्हणालो, "तीन काय, दहा मिनिटं घ्या."

त्या दिवशी ते एकटे आले. अक्कांचे गुडघे दुखत होते. दुपारी चार वाजता मंडपामागच्या कनातीत त्यांनी सदऱ्याची चौकोनी घडी घातली, हातापायांना, छातीला तेल लावलं आणि बाटली माझ्यापुढे धरली. "आज अक्का नही. पाठ तू लाव."

मी तेल लावायला लागलो आणि माझ्या हाताखाली ती पाठ मला कळली. कातडी माझ्या बोटांबरोबर सरकत होती. खांद्याखाली जिथे मांसाचा डोंगर असायचा तिथे हाड लागत होतं. बाहेर पंचवीस-पंचवीस वर्षांची मुलं उभी होती, दगडातून कोरल्यासारखी. मला एकदम वाटलं, लोक हसतील. पाहुण्यांसमोर हसतील. आणि हा म्हातारा कुणी आणला असं विचारतील, तेव्हा माझं नाव सांगतील.

"झालं का?" नानांनी विचारलं.

"झालं. दहा मिनिटांत बोलावतो," मी म्हणालो.

पाहुणे दीड तास उशिरा आले. हे माझ्या पथ्यावर पडलं, हेही मला इथे लिहिलं पाहिजे. डिसेंबर होता, ऊन उतरलं तशी थंडी वाढत होती. मंडळातला एक जण मधे येऊन म्हणाला, "सर, नाना राहिलेत." मी म्हणालो, "हो हो, बघतो." मग बक्षिसं झाली, फोटो झाले. मी माइक हातात घेतला आणि आभार मानायला सुरुवात केली. मांडववाल्यापासून पाणी देणाऱ्यांपर्यंत सगळ्यांची नावं घेतली. मंडपाच्या मागच्या खांबालाही एक कर्णा बांधलेला होता. म्हणजे नानांनी ती सगळी नावं ऐकली.

संपल्यावर मी मागे गेलो तेव्हा नाना नव्हते. सदरा नव्हता. तेलाची बाटली खुर्चीखाली नीट उभी ठेवलेली होती. दुसऱ्या दिवशी मी फोन केला आणि विसरलो असं म्हणालो. नाना म्हणाले, "व्हस भो. इतला मोठा कार्यक्रममा व्हस."

त्यानंतर मी भडगावला जाणं टाळलं. नातवाच्या लग्नाची पत्रिका आली, गेलो नाही. नाना धुळ्याला मुलीकडे आले की फोन करायचे, मी शाळेत काम आहे म्हणायचो. ज्या माणसाने माझ्यावर कधी आवाज चढवला नव्हता, त्याच्यापासून मी आठ वर्षं लपलो.

गेल्या महिन्यात एका सहकाऱ्याच्या घरी वास्तुशांत होती. भरीत करायला आलेला आचारी मला निरखून बघत होता. शेवटी म्हणाला, "सर, त्या बॉडीच्या स्पर्धेत तुम्हीच होते ना माइकवर? आम्ही मागे स्वयंपाकाला होतो. ते म्हातारे बाबा कसे आहेत?"

"कोणते बाबा?" मी विचारलं.

"तेल लावून उभे होते ते. आम्ही म्हटलं, बाबा, सदरा घाला, गार आहे. ऐकेनात. तिकडे तुमचे आभार सुरू झाले, तेव्हा आमच्याकडे आले. म्हणाले, 'तुम्ही बघता का?' आम्ही दहा-बारा जण. पुऱ्या लाटणाऱ्या बायांचे हात पिठाचे, तर त्यांना म्हणाले, हात धुवून या, मी थांबतो. मग एका फळीवर चढले आणि सगळं दाखवलं. आमचा पोरगा पातेलं वाजवत होता. सर, तसं मी पुन्हा काही पाहिलं नाही. लाटणारी एक बाई तर रडायला लागली."

मी विचारलं, "काही बोलले का? माझ्याबद्दल?"

"बोलले ना. म्हणाले, आमचे मास्तर कामात अडकलेत, त्यांना त्रास नको."

पुढच्या रविवारी मी भडगावला गेलो.

नाना गिरणीबाहेर उन्हात खुर्ची टाकून बसले होते. शहात्तर वर्षं. पूर्ण बाह्या, मनगटाची बटणं लावलेली. गहू निवडायचं सूप मांडीवर होतं. मला बघून त्यांनी सूप खाली ठेवलं आणि मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं.

"मास्तर," म्हणाले, "पोट पुढे उनं, तू मांगे ऱ्हायना."

आतून अक्का ओरडल्या, "कोन शे?"

"मास्तर शे! पोटबरोबर उना!"

अक्का भिंतीला धरत बाहेर आल्या. आठ वर्षं कुठे होता, असं त्यांनी विचारलं नाही. "जेवीसन जाशी," एवढं म्हणून पुन्हा आत गेल्या. नाना माझ्या मुलीचं विचारत होते, शाळेचं विचारत होते. गल्लीतल्या पाच-सहा म्हाताऱ्यांना ते आता रोज सकाळी खांदे फिरवायला शिकवतात. त्यातला एक जण पाच वर्षांनी स्वतःच्या हाताने पाठ खाजवू शकला, हे त्यांनी मला एखादं पदक जिंकल्यासारखं सांगितलं. मग आपण होऊनच म्हणाले, "माझं स्टेज त्या दिवशी झालं बरं का. धुळ्याला. आचाऱ्यांपुढे केलं. फार चांगली माणसं. पापणी न हलवता बघत होती. इतलं चांगलं मना कधी व्हयनं नही."

त्यांचा चेहरा खरोखर समाधानी होता. मला बरं वाटावं म्हणून ते बोलत नव्हते. आणि मला वाटलं, संपलं की हे. त्यांचा खेळ झाला, ते सुखात आहेत, अक्का भाकरी टाकताहेत. आता जुनं कशाला उकरायचं? मी म्हणालोसुद्धा, "आचाऱ्याने सांगितलं मला. ऐकून फार बरं वाटलं."

नाना म्हणाले, "तू विसरला म्हणून मनात ठेवू नको. माणूस विसरतो."

तिथे मला थांबता आलं नाही.

"नाना, मी विसरलो नव्हतो."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. गिरणी चालू होती, म्हणून मी पुन्हा, मोठ्याने म्हणालो, "मी विसरलो नव्हतो. मला माहीत होतं तुम्ही मागे उभे आहात. मी मुद्दाम नाव घेतलं नाही."

नानांनी बोलता बोलता सूप पुन्हा मांडीवर घेतलं होतं. गव्हातला एक खडा त्यांनी बोटांत धरला होता, तो टाकायचंही त्यांना सुचलं नाही. मग त्यांनी मान वळवून मुलाला खूण केली. मुलाने गिरणी बंद केली. पट्टा फडफडत थांबला आणि गल्ली एकदम शांत झाली.

"तुले मनी लाज वाटनी का?" त्यांनी विचारलं.

माझ्याकडे अजूनही उत्तरं होती. उशीर झाला होता, पाहुणे होते, थंडी होती. पण ते माझ्याकडे सरळ बघत होते, राग न धरता, ज्याला फक्त खरं काय ते हवं आहे अशा माणसासारखे.

"हो नाना," मी म्हणालो. "तुमच्या पाठीला तेल लावताना मला तुमची लाज वाटली. लोक हसतील असं वाटलं. लोकांना तुमच्याकडे बघूसुद्धा न देता मी ते ठरवून टाकलं. आणि मग आठ वर्षं खोटं बोललो. माझं चुकलं. मला माफ करा."